धर्मपीठ आणि स्त्री : एलिझाबेथ ह्यूएट यांची कहाणी



वसंत व्याख्यानमालेत बोलावयास यावयाचे म्हणजे श्रोत्यांच्या आवडीचा विषय घेऊन यावा, असा संकेत आहे. मी आज जो विषय घेऊन आलो आहे तो प्रथमदर्शनी आपणांस परका वाटेल. प्रेसबिटेरियन नावाच्या ख्रिस्ती पंथात स्त्रीला पाळकपद, म्हणजे धर्मोपदेशकाची अधिकृत दीक्षा, कशी मिळाली, किंबहुना किती काळ मिळाली नाही, हा तो विषय. कन्हानच्या काठी वसलेल्या या विणकरांच्या गावात स्कॉटलंडच्या चर्चचे भांडण कशाला, असे कोणाच्या मनात आले तर त्यात नवल नाही. परंतु या भांडणाचे एक टोक येथून जवळच नागपूरला आणि दुसरे मुंबईच्या चौपाटीला बांधलेले आहे. शिवाय त्याच्या मुळाशी असलेला प्रश्न केवळ ख्रिस्ती लोकांचा नाही. काम करणाराला त्या कामाचा अधिकार असावा की नसावा, हा तो प्रश्न. आणि तो प्रत्येक गावाला, प्रत्येक घराला विचारता येण्यासारखा आहे.

प्रथम पंथाविषयी दोन शब्द. ग्रीक भाषेत ‘प्रेसबिटर’ म्हणजे वडील माणूस. ज्या चर्चचा कारभार बिशपच्या हुकमाने चालत नाही, तर मंडळीने निवडलेल्या वडिलांच्या सभेकडून चालतो, ते प्रेसबिटेरियन चर्च. स्कॉटलंडात सन १५६० मध्ये जॉन नॉक्स व त्याचे सहकारी यांच्या प्रयत्नाने धर्मसुधारणा झाली आणि पुढे ही पद्धत तेथे रुजली. गावच्या मंडळीची एक सभा, अनेक गावे मिळून प्रेसबिटरी, तिच्यावर पूर्वी प्रांतिक सभा आणि सर्वांच्या वर दरवर्षी मे महिन्यात एडिंबरो येथे भरणारी महासभा, अशी ही चढती रचना आहे. आपणांस ग्रामपंचायतीपासून जिल्हा परिषदेपर्यंतची व्यवस्था ठाऊक आहे. तिच्यावरून याची कल्पना सहज येईल. या सभांत पाळक आणि सामान्य वडील शेजारी शेजारी बसतात, मत देतात आणि मताधिक्याने निर्णय होतो. पाळकांत उच्चनीच भाव नाही. लहान खेड्याचा पाळक आणि राजधानीचा पाळक यांचे मत एकच.

इतकी लोकशाही वृत्तीची ही संस्था. परंतु तिच्या लोकशाहीत चारशे वर्षे अर्ध्या लोकांना जागा नव्हती. देवळात बसणाऱ्यांत स्त्रियाच बहुधा अधिक असत. पण वडिलांच्या सभेत स्त्री नाही, प्रेसबिटरीत स्त्री नाही, व्यासपीठावर स्त्री नाही. खुद्द नॉक्सने १५५८ साली स्त्रियांच्या राज्यकारभाराविरुद्ध एक जळजळीत पुस्तिका लिहिली होती. त्याचा रोख त्या वेळच्या राज्यकर्त्या राण्यांवर होता हे खरे. तथापि त्या पुस्तिकेतील वृत्ती चर्चच्या भिंतींत फार काळ मुरून राहिली.

हे चर्च आपल्या भागात आले ते सन १८४५ मध्ये. स्टीफन हिस्लॉप या स्कॉटिश मिशनऱ्याने त्या वर्षी नागपुरात पाऊल ठेविले तेव्हा तेथे तिसरे रघूजी भोसले राज्य करीत होते. हिस्लॉप यांनी शाळा काढली, तिचेच पुढे हिस्लॉप कॉलेज झाले, हे सर्वांना माहीत आहे. ते केवळ धर्मोपदेशक नव्हते. या प्रदेशातील दगड, खनिजे, जीवाश्म यांचा त्यांनी कसून अभ्यास केला. गोंडांच्या कथा टिपून घेतल्या. टाकळघाटची प्राचीन शिलावर्तुळे पाहून परतताना, सप्टेंबर १८६३ मध्ये, पुराने भरलेल्या ओढ्यात बुडून त्यांचा अंत झाला. आज खाप्याच्या शेजारी गुमगावच्या खाणीतून मँगनीज निघते. या भूमीच्या पोटात काय आहे याची शास्त्रीय चौकशी ज्यांनी आरंभिली त्यांत या पाळकाचे नाव घ्यावे लागते.

हिस्लॉप यांचे नाव कॉलेजाला आहे, एका खनिजालाही दिले गेले आहे. ते योग्यच झाले. परंतु मिशनचे काम एकट्या पुरुषांनी केले काय? मुंबईत जॉन विल्सन यांच्या पत्नी मार्गारेट यांनी १८२९ साली तेथे आल्यावर मराठी शिकून मुलींच्या शाळा चालविल्या आणि सहा वर्षांनी, १८३५ साली, त्या मुंबईतच वारल्या. जोतिराव व सावित्रीबाई फुले यांनी पुण्यात मुलींची शाळा काढली ती १८४८ साली. त्याच्या आधीच्या काळातली ही गोष्ट. नागपुरात स्त्रियांसाठी म्यूर मेमोरियल रुग्णालय उभे राहिले ते एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस, डॉ. अ‍ॅग्नेस हेंडरसन या स्कॉटिश मिशनच्या डॉक्टरीणबाईंच्या परिश्रमाने. पुरुष डॉक्टरासमोर जाण्यास न धजणाऱ्या बायका त्यांच्याकडे येत. आणि या गोऱ्या बायांच्या बरोबरीने, बहुधा त्यांच्याही आधी, घरोघर जाणाऱ्या आपल्या मराठी ख्रिस्ती स्त्रिया होत्या. त्यांना ‘बायबल वुमन’ म्हणत. त्या वाचून दाखवीत, समजावून सांगत, आजाऱ्याच्या उशाशी बसत, प्रार्थना करीत. उपदेश म्हणतात तो याहून निराळा काय असतो? परंतु त्यांच्या कामाला ‘उपदेश’ म्हणावयाचे नाही, ‘मदत’ म्हणावयाचे, असा शिरस्ता होता.

या ठिकाणी मला आपल्या गावच्या मागाची आठवण होते. माग चालवितो तो विणकर. लुगडे बाजारात जाते ते त्याच्या नावाने. परंतु आपल्यापैकी पुष्कळांनी आजीला किंवा आईला रहाटावर कांड्या भरताना पाहिले असेल. कांडी भरली नाही तर धोटा रिकामा. धोटा रिकामा तर माग बंद. सूत उकलणे, ताणा लावण्यास हात देणे, कांड्या भरणे ही सारी कामे घरातल्या बायामुलींची. तरी ‘हे लुगडे कोणी विणले’ असे विचारले तर उत्तरात त्यांचे नाव येत नाही. मिशनच्या इतिहासातही नेमके असेच झाले. अनेक ठिकाणी मिशनमध्ये पुरुषांपेक्षा स्त्रियांची संख्या अधिक होती. शाळा, दवाखाना, अनाथालय त्यांच्या जिवावर चाले. परंतु पाळक तेवढा पुरुष.

आपल्या महाराष्ट्रात या अन्यायाचे सर्वांत ठसठशीत उदाहरण म्हणजे पंडिता रमाबाई. त्या प्रेसबिटेरियन नव्हत्या. कोणत्याच एका पंथाचा शिक्का त्यांनी स्वतःवर फार काळ राहू दिला नाही. १८७८ साली कलकत्त्याच्या पंडितांनी ज्यांना ‘पंडिता’ व ‘सरस्वती’ म्हटले त्या विदुषीने १८८३ साली इंग्लंडात बाप्तिस्मा घेतला. पुढे चेल्टनहॅम येथे असताना हिंदुस्थानात जाणाऱ्या इंग्रज पुरुषांना त्यांनी शिकवावे अशी सूचना निघाली, तेव्हा हिंदुस्थानातल्या बिशपांनी हरकत घेतली. स्त्रीने पुरुषांना शिकवावयाचे म्हणजे मर्यादाभंग! कलकत्त्याच्या शास्त्र्यांसमोर भर सभेत संस्कृतात बोललेल्या रमाबाईंना हा युक्तिवाद कसा पटावा? त्यांनी आपला विवेक कोणाच्याही आज्ञेला गहाण टाकण्यास स्वच्छ नकार दिला. पुढे केडगावला मुक्ती मिशन उभे करून त्यांनी दुष्काळातल्या शेकडो मुलींना आसरा दिला, त्यांना शिकविले, त्यांच्यासाठी छापखाना चालविला. हिब्रू व ग्रीक या मूळ भाषा शिकून संबंध बायबलाचे मराठी भाषांतर केले. १९२२ साली त्या वारल्या आणि १९२४ साली ते भाषांतर प्रसिद्ध झाले. मूळ भाषांवरून संबंध धर्मग्रंथ भाषांतरित करणाऱ्या या बाईंना आपल्याच आश्रमातील मुलींना बाप्तिस्मा देण्याचा अधिकार मात्र नव्हता. त्यासाठी बाहेरून पाळक बोलवावे लागत. ग्रंथ तिने समजावून द्यावा आणि पाणी दुसऱ्याने शिंपडावे, अशी ही वाटणी होती.

या रमाबाईंचे इंग्रजीत चरित्र लिहिणारे निकल मॅक्निकल हे स्कॉटिश मिशनचेच पाळक होते. म्हणजे रमाबाईंचे मोठेपण स्कॉटलंडच्या चर्चला ठाऊक नव्हते असे नाही. दूरच्या स्त्रीचे मोठेपण मान्य करणे सोपे असते. आपल्याच घरातली मुलगी पुढे येऊन अधिकार मागू लागली म्हणजे खरी परीक्षा होते. तशी मुलगी स्कॉटलंडात निघाली. तिचे नाव एलिझाबेथ ह्यूएट.

ह्यूएटबाईंचा जन्म १८९५ सालचा, स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावरील प्रेस्टविक गावचा. वडील पाळक होते. पाळकाच्या घरी वाढलेल्या मुलीला चर्चचे काम जन्मापासून परिचयाचे. एडिंबरो विद्यापीठात शिक्षण झाल्यावर त्यांनी मिशनच्या कामासाठी तयार होणाऱ्या स्त्रियांना शिकविले. पुढे त्यांनी एडिंबरोच्या न्यू कॉलेजात, जेथे पाळक तयार होत तेथेच, पुरुष विद्यार्थ्यांच्या शेजारी बसून धर्मशास्त्राचा अभ्यास केला आणि १९२६ साली बी. डी. ही पदवी मिळविली. त्या कॉलेजातून ही पदवी घेणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. तेच वर्ग, तीच परीक्षा, तीच हिब्रू, तीच ग्रीक. बरोबरीचे विद्यार्थी परीक्षा संपवून पाळक होण्यास गेले. ह्यूएटबाईंना तो रस्ता बंद होता. पदवी चालेल, दीक्षा नाही! त्यांना एका मंडळीत साहाय्यक म्हणून काम मिळाले. आपल्याकडे वेदशाळेत सर्व अध्ययन करू द्यावे, घनपाठ म्हणवून घ्यावा आणि शेवटी ‘यजमानाकडे मात्र जाऊ नकोस’ असे सांगावे, तशातला हा प्रकार झाला.

अशा वेळी माणसापुढे दोन वाटा असतात. एक, रागावून घर सोडावे. दुसरी, घरात राहून भांडावे. ह्यूएटबाईंनी दुसरी पत्करली. त्यांनी स्त्रियांच्या दीक्षेच्या बाजूने लेखणी चालविली, अभ्यास थांबविला नाही, आणि मिशनच्या कामासाठी त्या चीनमध्ये गेल्या. तेथल्या अनुभवाचा उपयोग करून त्यांनी हिब्रू आणि चिनी सुभाषित-वाङ्‌मयाची तुलना करणारा प्रबंध लिहिला व डॉक्टरेट मिळविली. ज्या बाईला आपल्या धर्माचे व्यासपीठ नाकारले गेले होते ती दुसऱ्या संस्कृतीचे शहाणपण आदराने वाचीत होती, ही गोष्ट मला विशेष वाटते. अपमानाने माणूस पुष्कळदा आक्रसतो, ह्यूएटबाई विस्तारल्या.

नंतर त्या मुंबईस आल्या. चौपाटीसमोर उभ्या असलेल्या विल्सन कॉलेजात त्या इतिहासाच्या प्राध्यापिका झाल्या आणि पुष्कळ वर्षे तेथे शिकवीत राहिल्या. या कॉलेजाचा उगम जॉन विल्सन यांनी १८३२ साली काढलेल्या शाळेत आहे. मार्गारेट विल्सन यांनी जेथे मुलींना अक्षरओळख करून दिली त्याच शहरात, शंभर वर्षांनी, त्यांच्याच देशाची एक स्त्री तरुण मुलगे आणि मुली यांच्या वर्गापुढे उभी राहून इतिहास सांगत होती. रमाबाईंच्या बाबतीत जी गोष्ट बिशपांना मर्यादाभंग वाटली होती ती आता कॉलेजाच्या वेळापत्रकात छापली जात होती. ज्ञानाच्या पीठावरची अट गळाली होती. धर्माच्या पीठावरची मात्र कायम होती.

इकडे स्कॉटलंडात काय चालले होते? १९२९ साली तेथील दोन मोठी चर्चे एक झाली. १९३१ साली लेडी अ‍ॅबरडीन यांच्या पुढाकाराने तीनशेहून अधिक स्त्रियांनी महासभेकडे अर्ज केला की, पाळक, वडील आणि डीकन ही तिन्ही पदे स्त्रियांना खुली करावीत. अर्जावर समित्या बसल्या, अहवाल झाले, मते मागविली गेली. अखेरीस १९३५ साली तिन्हींतील सर्वांत खालचे डीकनचे पद स्त्रियांना देण्यात आले. गंमत अशी की, १९२९ च्या एकीकरणात सामील न झालेले जे एक लहानसे ‘युनायटेड फ्री चर्च’ बाजूला राहिले होते त्याने त्याच १९३५ साली एलिझाबेथ बार या स्त्रीला पाळकपदाची दीक्षा दिली. आणि १९६० साली त्यांनाच आपल्या महासभेचे अध्यक्षपद दिले. लहान घराने जे सहज केले ते मोठ्या वाड्याला जमेना. मोठ्या संस्थांना आपल्या आकाराचेच भय वाटत असते.

अमेरिकेतही चित्र फारसे निराळे नव्हते. केंटकी राज्यात लुईझा वूझली या बाईंना कंबरलँड प्रेसबिटेरियन चर्चच्या स्थानिक प्रेसबिटरीने १८८९ सालीच दीक्षा दिली. वरच्या सभांनी ती मान्य केली नाही. वूझलीबाईंनी बायबलाचाच आधार घेऊन स्त्रीच्या उपदेशाधिकारावर पुस्तक लिहिले आणि प्रवचने करीत राहिल्या. परंतु तेथील मुख्य प्रेसबिटेरियन चर्चमध्ये पहिली स्त्री पाळक, मार्गारेट टाउनर, झाली ती १९५६ साली. मधली सदुसष्ट वर्षे कशात गेली याचे उत्तर समित्यांच्या दप्तरांत सापडेल.

विरोध करणाऱ्यांचे म्हणणे आपण प्रामाणिकपणे ऐकून घेतले पाहिजे. ते सगळे दुष्ट नव्हते. त्यांचा पहिला आधार शास्त्राचा. करिंथच्या मंडळीस लिहिलेल्या पत्रात पौलाने स्त्रियांना सभेत गप्प राहण्यास सांगितले आहे. दुसरी बाजू म्हणे, त्याच पौलाने गलतीच्या मंडळीस लिहिताना ख्रिस्तामध्ये स्त्रीपुरुष असा भेद उरत नाही असे सांगितले आहे. आणि येशूच्या पुनरुत्थानाची वार्ता पहिल्याने स्त्रियांनीच शिष्यांना सांगितली. तिसऱ्या शतकातल्या ग्रंथावर भाष्य करणाऱ्याला जी अडचण येते तीच येथे आहे : वचन तेच, पण कोणते धरावयाचे आणि कोणते त्या काळापुरते समजावयाचे? आपल्या स्मृतिग्रंथांच्या बाबतीत हा वाद आपण शंभर दीडशे वर्षे ऐकत आलो आहोत. विरोधकांचा दुसरा मुद्दा परंपरेचा : दोन हजार वर्षांत झाले नाही ते आज कशाला? तिसरा व्यवहाराचा : लग्न झालेल्या बाईने मंडळी सांभाळावी की मुले? आणि चौथा, जो सर्वत्र सारखाच ऐकू येतो : ‘आम्हांला चालेल हो, पण लोक अजून तयार नाहीत.’

या सर्वांहून नाजूक असा एक पाचवा मुद्दा होता आणि तो पुष्कळदा स्त्रियांच्याच तोंडून येई. सेवा करावयाची तर पदाची हाव कशाला? कांडी भरणारीला नाव कशाला हवे? हा मुद्दा ऐकावयास फार गोड आहे. परंतु तो कोणाला ऐकवितात हे पाहावे. ज्याला पद मिळू शकते त्याने ते नाकारले तर तो त्याग; ज्याला ते मिळूच शकत नाही त्याच्या वाट्याला आलेला त्याग हा केवळ मज्जाव असतो. शिवाय पद म्हणजे नुसती शोभा नव्हे. प्रेसबिटेरियन व्यवस्थेत दीक्षा असल्यावाचून प्रभुभोजनाचा विधी चालविता येत नाही, बाप्तिस्मा देता येत नाही. प्रेसबिटरीत मत नाही, म्हणजे शाळेच्या, दवाखान्याच्या, पगाराच्या आणि नेमणुकीच्या निर्णयात हात नाही. ज्यांनी काम चालविले त्यांच्याविषयीचे सर्व निर्णय त्यांच्या गैरहजेरीत होत. अधिकाराचा प्रश्न मानाचा आहे त्याहून अधिक तो निर्णयाचा आहे.

मे १९६३ मध्ये एडिंबरोच्या महासभेपुढे एक चाळीस वर्षांची स्त्री उभी राहिली. मेरी लस्क हे तिचे नाव. पुढे विवाहानंतर त्या मेरी लेव्हिसन म्हणून ओळखल्या गेल्या. ऑक्सफर्ड आणि एडिंबरो येथे शिकलेल्या, डीकनेस म्हणून सेवा केलेल्या या बाईंनी महासभेकडे अर्ज केला होता. त्यांचे मागणे साधे होते. ‘स्त्रियांना हक्क द्या’ असा नारा त्यांनी दिला नाही. त्यांचे म्हणणे इतकेच की, या सेवेसाठी देवाने मला बोलाविले आहे असे मला वाटते; पुरुष असे म्हणतो तेव्हा चर्च त्याची परीक्षा घेते; माझीही घ्यावी. नापास करावयाचे तर परीक्षा घेऊन करा; स्त्री आहे म्हणून परीक्षेलाच बसू न देणे हे कसे? या सरळ प्रश्नाला सरळ उत्तर महासभेजवळ नव्हते. अर्ज समितीकडे गेला. परंतु आता दार फार काळ बंद ठेवणे अशक्य झाले. १९६६ साली स्त्रियांना वडीलपद खुले झाले आणि २२ मे १९६८ रोजी महासभेने पाळकपदाचा निर्णय स्त्रियांच्या बाजूने दिला. पुढच्या वर्षी, १९६९ मध्ये, अ‍ॅबरडीन येथे कॅथरिन मॅककॉनाकी यांना दीक्षा मिळाली. चर्च ऑफ स्कॉटलंडच्या त्या पहिल्या स्त्री पाळक. १९७२ साली युफेमिया आयर्विन या एका गावच्या मंडळीच्या पहिल्या स्त्री पाळक झाल्या. ज्यांनी अर्ज केला त्या मेरी लेव्हिसन यांना दीक्षा मिळाली ती १९७८ साली, अर्जानंतर पंधरा वर्षांनी.

आणि ह्यूएटबाई? मुंबईचे काम संपवून त्या परत गेल्या होत्या. १९६० साली त्यांचा मोठा ग्रंथ प्रसिद्ध झाला. १७९६ ते १९५६ या एकशेसाठ वर्षांतील स्कॉटिश चर्चच्या परदेशातील मिशनांचा तो इतिहास आहे. ज्या संस्थेने त्यांना पाळक केले नाही त्या संस्थेचा इतिहास त्यांनीच लिहिला. सूड म्हणून नव्हे, अभ्यासक म्हणून आणि घरचे माणूस म्हणून. पुढे एडिंबरो विद्यापीठाने त्यांना धर्मशास्त्राची सन्माननीय डॉक्टरेट दिली. १९६८ च्या मे महिन्यात महासभेने ते दार उघडले तेव्हा त्यांचे वय बहात्तर होते. त्याच वर्षी ऑक्टोबरात त्या वारल्या. ज्या दारावर त्यांनी तरुणपणी थाप मारली होती ते त्यांच्या डोळ्यांदेखत उघडले. आत जाण्याचे दिवस मात्र सरले होते.

आता नागपूरचे टोक. हिंदुस्थानातले प्रेसबिटेरियन १९२४ सालीच काँग्रिगेशनल पंथीयांशी एक होऊन ‘युनायटेड चर्च ऑफ नॉर्दर्न इंडिया’ झाले होते. २९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात, ऑल सेंट्स कॅथेड्रलच्या आवारात, हे चर्च आणि आणखी पाच चर्चे मिळून ‘चर्च ऑफ नॉर्थ इंडिया’ स्थापन झाले. हिस्लॉप यांनी जेथे या पंथाचे बी पेरले त्याच शहरात तो पंथ एका मोठ्या प्रवाहात मिसळून गेला. आपल्या भागातल्या नद्या जशा एकमेकींत मिसळून अखेर वैनगंगेच्या होतात तसा. या संयुक्त चर्चने पुढे स्त्रियांना पाळकपद दिले. दक्षिणेकडील ‘चर्च ऑफ साउथ इंडिया’त तर २०१३ साली पुष्पा ललिता या आंध्रातील नंद्यालच्या बिशप झाल्या. स्कॉटलंडात २००४ साली अ‍ॅलिसन एलियट या महासभेच्या पहिल्या स्त्री अध्यक्ष झाल्या आणि २००७ साली शीला केस्टिंग या त्या खुर्चीवर बसलेल्या पहिल्या स्त्री पाळक. एकेकाळी जे अशक्य म्हणून सांगितले जाई ते झाल्यावर आकाश कोसळले नाही.

हे सारे ऐकून आपण स्वतःकडे पाहिले पाहिजे; नाही तर दुसऱ्याच्या घरचा केर मोजल्याचे पाप लागावयाचे. आपल्या संतपरंपरेने मुक्ताबाई, जनाबाई, बहिणाबाई यांना आदराचे स्थान दिले. मुक्ताबाई चांगदेवांच्या गुरू मानल्या गेल्या. हे भूषण आहेच. परंतु पूजेच्या गाभाऱ्यात, मंत्राच्या अधिकारात आपण स्त्रीला किती सहज बसू दिले? पुण्यात शंकरराव थत्ते यांनी विसाव्या शतकाच्या आठव्या दशकात स्त्रियांना पौरोहित्य शिकविण्यास आरंभ केला तेव्हा टीका कमी झाली नाही. पंढरपुरास विठ्ठलाच्या सेवेसाठी स्त्री पुजारी नेमण्याची गोष्ट निघाली ती २०१४ साली. तेथेही तेच चार मुद्दे आपण ऐकले : शास्त्र, परंपरा, संसार आणि ‘लोक तयार नाहीत’. भाषा बदलते, देव बदलतो. मुद्दे बदलत नाहीत.

इतिहास लिहिताना आपण ‘पहिली’ शोधतो. पहिली स्त्री पाळक, पहिली स्त्री डॉक्टर, पहिली पुरोहित. तिचा फोटो छापतो, सत्कार करतो. हे चुकीचे नाही. परंतु पहिलीच्या आधी कोणी तरी असते. १९६९ च्या आधी १९६३ च्या मेरी लस्क होत्या. त्यांच्या आधी १९३१ च्या तीनशेहून अधिक सह्या होत्या. त्यांच्या आधी १९२६ च्या ह्यूएटबाई होत्या. त्यांच्याही आधी केडगावच्या रमाबाई होत्या, नागपूरच्या हेंडरसनबाई होत्या, आणि नागपूरच्या गल्लीबोळांतून पुस्तक हाती घेऊन हिंडणाऱ्या, जिचे नाव कोणत्याही अहवालात आले नाही अशा आपल्याच एखाद्या बाई होत्या. महासभेने १९६८ साली अधिकार दिला असे आपण म्हणतो. खरे पाहता त्या दिवशी महासभेने एक जुने देणे कबूल केले. काम आधीच झालेले होते; फक्त पावती शंभर वर्षे उशिरा फाडली गेली.

म्हणून, मित्रहो, आज घरी गेल्यावर एक लहानशी गोष्ट करावी अशी माझी विनंती आहे. आपल्या घरात, शाळेत, पंचायतीत, देवळाच्या समितीत जे काम चालले आहे त्याच्याकडे एकदा नीट पाहावे. कांड्या कोण भरते आणि नाव कोणाचे लागते, हे मनाशी मोजावे. ज्याचे काम त्याला त्याचा अधिकार देण्यास एखाद्या महासभेच्या ठरावाची वाट पाहावी लागत नाही. खाप्याच्या मागावरचे कापड चांगले ठरते ते ताणा आणि बाणा दोन्ही सारखे ओढले गेले म्हणजे. एक सैल आणि एक घट्ट असेल तर ते पहिल्या धुण्यातच विरते. समाजाच्या कापडाला निराळा नियम नाही.